धातूवरील अल्पाक्षरी लेख व त्यांचें जतन

अंगठी, मुद्रा, ताईत यांवरील लेख थोड्या अक्षरांचे असतात. मोठ्या शिलालेखांत गळालेलें अक्षर मागील-पुढील वाक्यांवरून बसवितां येतें; येथें तो आधार नसल्यानें एका अक्षराबरोबर अर्थही जातो. यूरोपांतील ‘रून’ लिपीचीं दोन उदाहरणें आम्ही संग्राहकांपुढें ठेवितों.

रून ही जर्मानिक लोकांची प्राचीन लिपि. तिच्या जुन्या वर्णमालेंत २४ चिन्हें असून, लांकडावर व धातूवर कोरण्यास सोयीचीं अशीं तीं बहुधा सरळ रेषांचीं आहेत. अलंकारांवर त्यांनीं कोठें धन्याचें नांव, कोठें मंत्र कोरलेला आढळतो. इंग्लंडांत कार्लाइलजवळ १८१७ सालीं सांपडलेल्या सोन्याच्या अंगठीवर अशीं ३० चिन्हें आहेत. त्यांचा सरळ अर्थ लागत नाहीं; परंतु जुन्या आंग्ल वैद्यकग्रंथांतील रक्तस्राव थांबविण्याच्या मंत्राशीं त्यांचें साम्य आहे. आमच्याकडील ताइतांवरील बीजाक्षरें ज्यांस ठाऊक आहेत, त्यांस याचें नवल वाटणार नाहीं.

दुसरें उदाहरण अधिक बोधप्रद आहे. रुमानियांत पिएत्रोआसा येथें १८३७ सालीं सुवर्णनिधि सांपडला. त्यांतील एका कड्यावर १५ चिन्हें होतीं. १८७५ सालीं तें बुखारेस्टच्या संग्रहालयांतून चोरीस गेलें. परत मिळालें तेव्हां त्याचे तुकडे झालेले असून मधलें एक चिन्ह बिघडलें होतें. त्या एका चिन्हापायीं अनेक पाठ निघाले. पूर्वीं घेतलेला ठसा व छायाचित्र उपलब्ध असल्यानें तें चिन्ह ‘ओ’ असल्याचें दिसून आलें. त्या चिन्हाच्या नांवाचा अर्थ वडिलोपार्जित मालमत्ता, म्हणजे आमचें वतन, असा असल्यानें ‘गॉथांचें वतन, पवित्र’ अशा अर्थाचा पाठ पुढें आला.

आमच्या प्रांतीं हाच न्याय ताम्रशासनांस लागू आहे. खारेपाटण येथें मिळालेलें शिलाहार रट्टराजाचें शके ९३० (इ. स. १००८) चें शासन दक्षिण कोंकणच्या शिलाहारांच्या वंशावळीचें प्रमुख साधन होय. पोंभुर्ल्याचे बाळशास्त्री जांभेकर यांनीं तें प्रसिद्ध केलें. पुढें कीलहॉर्न यांनीं ‘एपिग्राफिया इंडिका’मध्यें पुन्हा संपादिलें. एका वाचनाचा ताळा दुसऱ्यानें पाहण्यास मूळ साधन शाबूत लागतें. पत्रे ओवणारी कडी व तिजवरील मुद्रा ही शासनाच्या खरेपणाची खूण. शिलाहारांचें लांछन गरुड. मुद्रा पत्र्यांपासून निराळी झाली, कीं ती कोणत्या शासनाची हें ठरविणें दुर्घट होतें.

यास्तव संग्राहकांस आमची विनंति अशी: जुनी धातूची वस्तु चिंचेनें वा राखेनें घांसूं नये, कडी तोडूं नये. वजन, मापें व सांपडल्याचें ठिकाण प्रथम टिपावें. तिरप्या उजेडांत दोन्ही अंगांचीं छायाचित्रें घ्यावीं आणि त्यांची एक प्रत घराबाहेर, एखाद्या संशोधनसंस्थेंत ठेवावी. वस्तु हरवली तरी अक्षर तेवढें राहील.