आधी पटायला हवं एथेलला

पट्ट्यावरून चॉकलेटं सरकत येतात. दोघींनी ती एकेक उचलायची, कागदात गुंडाळायची आणि परत पट्ट्यावर ठेवायची. एक जरी चॉकलेट उघडं पुढं गेलं तर नोकरी गेलीच म्हणून समजा, अशी तंबी देऊन मुकादमीण निघून जाते. सुरुवातीला सगळं झकास चालतं. मग पट्टा वेग घेतो. हात पुरेनात तशी चॉकलेटं तोंडात जातात, टोपीत जातात, गळ्यातून आत जातात. मुकादमीण परत येते, रिकामा पट्टा बघून खूश होते आणि फर्मावते, आणखी जोरात सोडा!

‘आय लव्ह ल्युसी’ या अमेरिकन मालिकेतला १९५२ सालचा हा प्रसंग आजही लोक शोधून बघतात. सगळ्यांच्या डोळ्यांपुढं राहते ती ल्युसिल बॉल, तिचे ते फुगलेले गाल, ते बटाट्याएवढे डोळे. आता हाच प्रसंग पुन्हा लावा आणि फक्त दुसरीकडं बघा. शेजारीण आणि घरमालकीण एथेल मर्ट्झ. ती विनोद करतच नाही. तिला खरोखर ती नोकरी टिकवायची आहे, ती खरोखर घाबरली आहे, आणि हात कसे भराभर चालवायचे एवढाच तिच्यापुढं प्रश्न आहे. हसू येतं ल्युसीचं, पण त्या पट्ट्यावर आपला विश्वास बसतो तो एथेलमुळं. ही एथेल म्हणजे व्हिव्हियन व्हॅन्स. मला विचाराल तर टीव्हीवरच्या सहअभिनेत्रीचं काम म्हणजे काय, याचा सगळा धडा या एका बाईत आहे.

तिचा जन्म १९०९चा, कॅन्सस राज्यातल्या चेरीव्हेल नावाच्या छोट्या गावातला. मूकपटांची तारका लुईज ब्रुक्स त्याच गावात तीन वर्षं आधी जन्मली होती. गावाच्या पाण्यातच काहीतरी असावं! व्हिव्हियनची आई कर्मठ, तिला नाटक-बिटक मुळीच पसंत नाही. पुढं कुटुंब न्यू मेक्सिकोतल्या अल्बुकर्कीला आलं आणि तिथं नव्यानंच निघालेल्या हौशी नाट्यसंस्थेत मुलगी रमली. मग गावकऱ्यांनी एक भन्नाट गोष्ट केली. तिच्या मदतीसाठी प्रयोग लावला, पैसे जमवले आणि पोरीला रंगभूमीचं शिक्षण घ्यायला न्यूयॉर्कला पाठवलं. जिच्याकडं शिकायचं होतं त्या इव्हा ल गॅलियेननं तिला घेतलंच नाही. पण गावानं वर्गणी काढून पाठवलेली मुलगी रित्या हातानं परत कशी जाणार? ती ब्रॉडवेवरच्या संगीतिकांत कोरसमध्ये उभी राहिली. १९३४च्या ‘एनिथिंग गोज’मध्ये एथेल मर्मन या दणदणीत गळ्याच्या नायिकेची बदली कलाकार म्हणून तिला घेतलं. बदली कलाकार म्हणजे सगळी भूमिका पाठ करून, नायिका आजारी पडायची वाट बघत विंगेत बसायचं. पुढं १९३७मध्ये ‘हुरे फॉर व्हॉट’मधली एक भूमिका तिच्याकडं आली तीही आधीच्या नटीला काढल्यामुळं. दुसऱ्याच्या जागेवर जाऊन ती जागा आपलीच वाटावी इतकी भरायची, हे तिनं किती आधीपासून घोटलं होतं बघा.

आणि मग ते नाटक आलं. जॉन व्हॅन ड्रूटेनचं ‘द व्हॉइस ऑफ द टर्टल’, उण्यापुऱ्या तीन पात्रांचं. व्हिव्हियनकडं नायिकेच्या फटकळ मैत्रिणीचं काम होतं, म्हणजे तीन पात्रांतही दुय्यमच. चाळीसच्या दशकाच्या मध्यावर या नाटकाचे प्रयोग शिकागोत चालू असतानाच ती मनानं पार कोसळली. काम थांबलं. बरं व्हायला कित्येक वर्षं आणि मानसोपचार लागले. त्या काळात असल्या आजाराची वाच्यता कुणी घराबाहेर करत नसे. तिनं पुढं ती जाहीरपणे केली, मानसिक आरोग्यासाठी काम करणाऱ्या संस्थेलाही मदत केली.

१९५१च्या उन्हाळ्यात ती पुन्हा उभी राहिली ती त्याच नाटकात, त्याच भूमिकेत! कॅलिफोर्नियातल्या ला हॉया गावी प्रयोग होते. ल्युसिलचा नवरा आणि निर्माता डेझी आर्नाझ, प्रमुख लेखक जेस ओपनहायमर आणि दिग्दर्शक मार्क डॅनियल्स असे तिघं प्रेक्षकांत येऊन बसले. नव्या मालिकेत शेजारणीची जागा रिकामी होती. ल्युसिलला हवी असलेली नटी बी बेनाडेरेट दुसऱ्या मालिकेत अडकली होती. व्हिव्हियनचं नाव डॅनियल्सनं सुचवलेलं. ल्युसिल स्वतः मात्र आली नव्हती, कारण तिची मुलगी त्याच जुलैत जन्मली होती. प्रयोग संपायच्या आत आर्नाझचा निर्णय झालेला. ज्या भूमिकेनं या बाईला मोडलं, तिनंच तिला टीव्हीत आणून सोडलं. ही गोष्ट मी कादंबरीत वाचली असती तर लेखकाला नावं ठेवली असती.

ल्युसिल मात्र नाराज. तिच्या डोक्यातली शेजारीण जाडजूड, वयस्क, घरेलू होती. समोर उभी होती ती देखणी, बेचाळिशीची, तिच्यापेक्षा जेमतेम दोन वर्षांनी मोठी बाई. मग ढगळ कपडे देऊन एथेलला गबाळी करण्यात आलं. करारात वजन वाढवायची अट होती ही दंतकथा अजून फिरते. मुळात तो ल्युसिलनं चेष्टेनं लिहिलेला खोटा करार होता, असं सांगतात.

आता थोडं यंत्रांकडं वळू, कारण एथेलची कमाल कळायला ते लागतंच. तेव्हा बऱ्याच मालिका न्यूयॉर्कहून थेट प्रक्षेपित होत. ‘आय लव्ह ल्युसी’ हॉलिवूडमध्ये ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर, तीन कॅमेरे एकदम चालवून, सुमारे तीनशे प्रेक्षकांसमोर नाटकासारखी चित्रित होई. छायालेखक होता कार्ल फ्रॉइंड. ‘मेट्रोपोलिस’ हा महाकाय जर्मन मूकपट चित्रित करणारा माणूस इथं एथेलच्या पदराशी, म्हणजे तिच्या एप्रनशी, प्रकाश जुळवत होता! एका कॅमेऱ्याच्या सिनेमात दुसऱ्या पात्राची प्रतिक्रिया सावकाश वेगळी घेता येते. इथं तशी सोय नाही. ल्युसी बोलते त्याच क्षणी एथेलचा चेहराही कुठल्या तरी कॅमेऱ्यात जातोय. समोरचा हशा चढू द्यायचा, उतरायला लागला की नेमकं वाक्य टाकायचं, आणि मधल्या वेळात स्वस्थ उभं राहूनही जिवंत दिसायचं. आधी घातलं तर वाक्य हशात बुडतं, उशीर झाला तर प्रसंग थंड होतो. कोरसपासून सुरुवात केलेल्या बाईच्या अंगात हे मुरलेलं होतं.

लिखाणातली तिची जागा तर त्याहून नाजूक. ल्युसीला दर आठवड्याला काहीतरी खुळं सुचतं. एथेल आधी नाही म्हणते, मग तिला मोह होतो, मग ती हो म्हणते. हे ‘नाही’ ते ‘हो’ अंतर ती चेहऱ्यावर कापते आणि घरी बसलेले आपणही तिच्यामागून तेवढंच चालत जातो. एथेलला पटलं नाही तर आपल्याला काय पटणार?

१९५४मध्ये एमी पुरस्कारांत मालिकेतल्या सहअभिनेत्रीला वेगळा सन्मान द्यायला सुरुवात झाली आणि तो पहिला व्हिव्हियनला मिळाला. पडद्यावरचा नवरा फ्रेड, म्हणजे विल्यम फ्रॉली, पाच नामांकनं होऊनही कोराच राहिला. या दोघांचं एकमेकांशी अजिबात जमत नसे. तो तिच्याहून बावीस वर्षांनी मोठा. हा माझा नवरा की बाप, अशी तिची कुरकुर त्याच्या कानावर गेली आणि ते त्यानं कधी विसरलं नाही. पुढं फ्रेड-एथेलची स्वतंत्र मालिका काढायचं ठरत होतं. फ्रॉली तयार होता. व्हिव्हियननं साफ नकार दिला. नायिकेची जागा, वर पैसे, तरी नको!

१९५५च्या एका भागात लेखकांनी तिच्या आयुष्यातलं अल्बुकर्की एथेलचं माहेर करून टाकलं. वडिलांची समजूत झालेली असते की आपली एथेलच सिनेमात चमकायला हॉलिवूडला निघाली आहे. एथेल ती समजूत खोडत नाही. गावात तिच्या सन्मानार्थ कार्यक्रम ठरतो, ती मंचावर गायला उभी राहते, आणि मागं ल्युसी, तिचा नवरा आणि फ्रेड माकडचाळे करून सगळा हशा लुटतात. एथेलला वाटतं, लोक आपल्या गाण्यावर खूश आहेत. गाणं ती अगदी मनापासून म्हणते. ज्या गावानं खरोखर वर्गणी काढली होती, त्याच गावाचं नाव घेऊन हे करताना तिच्या मनात काय चाललं असेल, देव जाणे.

१९६२मध्ये ल्युसिलनं नवी मालिका काढली तेव्हा व्हिव्हियननं अट घातली की पात्राचं नाव व्हिव्हियनच हवं. रस्त्यात लोकांनी ‘एथेल’ म्हणून हाका मारणं तिला पुरे झालं होतं. कपडेही चांगले हवेत, हेही आलंच. या मालिकेतली तिची व्हिव्हियन बॅग्ली ही घटस्फोटित आई. अमेरिकन टीव्हीवर मुख्य पात्रांत अशी बाई पहिल्यांदा दिसली ती हीच, असं मानतात. पण खुद्द व्हॅन्सचं घर देशाच्या दुसऱ्या टोकाला, कनेक्टिकटमध्ये. त्या ये-जा करण्याला कंटाळून १९६५मध्ये तिनं नियमित काम सोडलं.

त्यानंतर मालिकेचं काय झालं हे पाहण्यासारखं आहे. ल्युसीला कॅलिफोर्नियात हलवलं, नवी मैत्रीण आणली, आणि आधीपासून असलेल्या चिडखोर साहेबाचं काम वाढवलं. तो साहेब म्हणजे गेल गॉर्डन, १९५१मध्ये फ्रेडच्या भूमिकेसाठी पहिली पसंती असलेला नट. मालिका १९६८पर्यंत उत्तम चालली, हशाही भरपूर होता. पण आता ल्युसीच्या खुळावर डाफरणारा माणूस होता. नाही-नाही म्हणता त्या खुळात स्वतः उडी घेणारी बाई नव्हती. मला ते भाग चार-पाच सलग बघवत नाहीत.