भोक भरायचं, अक्षर नाही

खालून उजेड सोडणाऱ्या काचेच्या टेबलावर पोथीचं पान ठेवलं की अक्षरांच्या आधी भोकं दिसतात. किडा वरच्या पानातून शिरतो आणि खाली उतरत जातो, म्हणून त्याच जागी तेच भोक पुढच्या कितीतरी पानांवर सापडतं. समोर होती ती एका घरातून आलेली ज्ञानेश्वरीची हस्तलिखित पोथी, पिढ्यान्‌पिढ्या देव्हाऱ्यात पुजलेली. तिची दुरुस्ती चालू असताना संवर्धक ताईंच्या शेजारी बसून मी ती पाहिली.

पोथीची पानं सुटी असतात. यात सोय आहे तसा धोकाही आहे. शिवण उसवावी लागत नाही, पण क्रम बिघडायला क्षणही पुरतो. म्हणून हात लावण्याआधी ताई समासातले पत्रांक तपासतात, प्रत्येक पानाचा फोटो घेतात आणि कुठलं पान फाटलंय, कुठलं नाहीच, याची नोंद करतात. मग मऊ कुंचल्यानं मधून कडेकडे धूळ झाडायची. या धुळीत उदबत्तीची राख असते, निरांजनाची काजळी असते, वाळलेल्या फुलांचा चुरा असतो. कडांवर बोटांचं तेल मुरलेलं असतं. श्रद्धेनंही कागद झिजतो, हे त्या टेबलावर दिसतं. तरीही समासातलं कुंकू ताईंनी खरवडलं नाही. कागदाला त्याचा अपाय होत नसेल तर ते राहू द्यायचं. कोणीतरी ही पोथी रोज उघडत होतं, याचा तो पुरावा आहे.

जुना हातकागद चिंध्यांच्या किंवा तागाच्या लगद्याचा. शाई पसरू नये म्हणून त्याला खळ लावून गुळगुळीत दगडानं घोटत. त्या घोटाईमुळे बोरू सरसर चालायचा, पण पिठाची ती खळच किड्याचं खाद्य झाली. शाई काजळ आणि डिंकाची. उजेडानं ती फिकी पडत नाही, मात्र पाण्याला टिकत नाही. म्हणून ताई एखाद्या दंडाच्या टोकाला ओलसर कुंचला टेकवतात आणि लगेच टीपकागद दाबतात. टीपकागदावर काळं उमटलं तर त्या पानाला ओलावा अगदी बेतानं. चुकलेल्या अक्षरांवर लेखकानं हरताळ फासलेली असेल तर हातमोजे हवेत, कारण हरताळ म्हणजे आर्सेनिकचं संयुग.

दुरुस्तीचा कागद जपानी, तुतीच्या जातीच्या झाडाच्या सालीचा. तो इतका पातळ की त्याच्यामागची ओवी वाचता येते. तो कात्रीनं कापत नाहीत. ओल्या कुंचल्यानं रेघ ओढून तिच्यावरून हलकेच फाडतात, म्हणजे कडेचे तंतू मोकळे राहतात आणि जुन्या कागदात मिसळतात. चिकटवायला गव्हाच्या सत्त्वाची खळ, मंद आचेवर शिजवून गाळलेली. ठिगळ बसलं की वर टीपकागद, त्यावर काच आणि वजन. एका भोकाला लागतात काही मिनिटं, आणि वाळायला तासन्‌तास. ही खळ निवडण्याचं कारण सोपं आहे: ओलावा दिला की ती सुटते. उद्या कोणाला याहून चांगला उपाय सापडला, तर आजचं काम त्याच्या आड येता कामा नये.

हा धडा जुन्या दुरुस्त्यांनी शिकवला. एके काळी पानांवर शिफॉन चिकटवत, सेल्युलोज ॲसिटेटचा पातळ पापुद्रा चढवत. त्या वेळी त्यातच हित दिसलं होतं. यांतली कितीतरी आवरणं पुढे पिवळी पडली, ताठरली आणि जपून सोडवावी लागली.

एका पानावर भोकानं नेमकं एक अक्षर खाल्लं होतं. ओवी तोंडपाठ असणाऱ्याला ते सहज सांगता आलं असतं. ताईंनी कागद भरला आणि जागा कोरी ठेवली. मी विचारलं, तर म्हणाल्या, "आपल्याला माहीत आहे म्हणून लिहायचं नाही. ते अक्षर त्या लेखकाचं होतं."

मला एकनाथ महाराज आठवले. ज्ञानेश्वरी पूर्ण झाली १२९० मध्ये. पुढच्या तीन शतकांत नकलांमध्ये पाठ बिघडले, नंतरच्यांची भर मिसळली. नाथांनी १५८४ मध्ये, म्हणजे शके १५०६ मध्ये, प्रती ताडून शुद्ध पाठ सिद्ध केला, आणि या ग्रंथात कोणी आपली ओवी घालू नये असं बजावून ठेवलं. स्वतः इतके मोठे कवी असून तिथं त्यांनी आपली कविता मागं ठेवली. ताईंच्या टेबलावर तोच नियम कागदाला लागू होतो.

तुमच्या घरी पोथी असेल तर तिला चिकटपट्टी लावू नका. तिचा गोंद कागदात मुरतो आणि डाग पडतो. लॅमिनेशन तर मुळीच नको. धुतलेल्या सुती कापडात, दोन फळ्यांमध्ये, ओल नसलेल्या भिंतीशी ती ठेवा. पावसाळा सरला की उघडा, कोरड्या स्वच्छ हातांनी पानं चाळा, उन्हात मात्र घालू नका. हळदकुंकू वाहायचं तर बासनावर वाहा. आणि एखादं अक्षर गेलेलं दिसलं तर पेन उचलू नका. पोथी आपल्याकडे पुढच्या वाचणाऱ्यासाठी ठेवलेली आहे, आणि तिच्यात काय होतं, काय गेलं, हे त्याला खरंखरं कळायला हवं.