अपघाताच्या खटल्यात आरोपी सुटला, आता काय?

मागच्या रांगेतून एक चिठ्ठी आलीय. लिहिलंय, ‘भाऊ रस्त्यावर गेला. ड्रायव्हर निर्दोष सुटला. आता सगळं संपलं का?’ आजचं बोलणं याच प्रश्नावर करू. उत्तर आधीच सांगतो: संपलेलं नाही, पण वाट अरुंद आहे.

पहिलं, आरोपी सुटतो का? हयगयीने मृत्यू घडवल्याचा गुन्हा जुन्या भारतीय दंड संहितेत कलम 304-अ होता, शिक्षा दोन वर्षांपर्यंत. 1 जुलै 2024 नंतरच्या अपघातांना भारतीय न्याय संहितेचं कलम 106(1), शिक्षा पाच वर्षांपर्यंत. दोन्हीत सिद्ध करायच्या गोष्टी त्याच: गाडी कोण चालवत होतं, हयगय नेमकी काय झाली, आणि मृत्यू त्यामुळेच झाला का. साक्षीदार ‘गाडी भरधाव होती’ एवढंच सांगतो. कर्नाटकातल्या सतीश खटल्यात 1998 साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की नुसतं ‘भरधाव’ म्हणून हयगय सिद्ध होत नाही. म्हणजे टायरचे व्रण, रस्त्याची रुंदी, वळण, गाड्या कुठे थांबल्या, हे पंचनाम्यात हवं. तिथं कच्चं राहिलं की खटला पडतो.

दुसरं, अपील कुणी करायचं? दोन दारं आहेत. एक सरकारचं. जुनं कलम 378, नव्या नागरिक सुरक्षा संहितेत 419. हा गुन्हा जामीनपात्र असल्यामुळे प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांच्या निकालावर सरकार उच्च न्यायालयात जातं. त्यासाठी न्यायालयाची परवानगी लागते आणि मुदत 90 दिवसांची. पूर्वी हे अपील मुंबईला जायचं. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरातच सर्किट बेंच आहे.

दुसरं दार तुमचं. 31 डिसेंबर 2009 पासून पीडितालाही अपिलाचा हक्क आहे. जुनं कलम 372, नवं 413. मृताचा कायदेशीर वारसही ‘पीडित’ ठरतो. हे अपील सत्र न्यायालयात होतं, आणि 2018 च्या मल्लिकार्जुन कोडगली निकालानंतर वेगळी परवानगी लागत नाही. सरकारनं अपील केलं नाही तरी तुम्ही करू शकता. फक्त ‘शिक्षा कमी दिली’ एवढ्यासाठी मात्र हे दार उघडत नाही.

तिसरं, आणि खरं अवघड हे. खालच्या कोर्टानं सोडलं म्हणजे निर्दोषत्वाचं गृहीतक दुप्पट झालं. त्याच पुराव्यावर दोन मतं शक्य असतील, तर वरचं कोर्ट सुटका मोडत नाही. म्हणून ‘आमच्यावर अन्याय झाला’ एवढं अपिलात पुरत नाही. कुठला पुरावा न्यायाधीशांनी बघितलाच नाही, कुठला चुकीचा वाचला, हे परिच्छेद क्रमांकासह दाखवावं लागतं.

हे होऊ शकतं. मुंबईत कार्टर रोडवर नोव्हेंबर 2006 मध्ये फुटपाथवर झोपलेल्या मजुरांवर गाडी चढली. सात जण गेले. सत्र न्यायालयानं सदोष मनुष्यवधाच्या आरोपातून सोडलं आणि हयगयीबद्दल सहा महिने दिले. सरकार अपिलात गेलं. उच्च न्यायालयानं 2007 मध्ये ती सुटका रद्द करून तीन वर्षं दिली. सर्वोच्च न्यायालयानं जानेवारी 2012 मध्ये ते कायम ठेवलं. उलटंही घडतं. सलमान खान खटल्यात सत्र न्यायालयानं मे 2015 मध्ये पाच वर्षं दिली, डिसेंबरमध्ये उच्च न्यायालयानं सोडलं, आणि 2016 मध्ये राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं. अपघात 2002 चा.

मग करायचं काय? निकालाच्या त्याच आठवड्यात सही-शिक्क्याच्या नकलेसाठी अर्ज द्या. नक्कल मिळायला लागलेला वेळ मुदतीतून वगळला जातो, पण अर्ज दिलात तरच. सरकारी वकिलांना भेटून विचारा, अपिलाचा अभिप्राय पाठवलाय का. वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. स्त्रियांना तिथं उत्पन्नाची अट नाही, वकील मोफत मिळतो.

आणि नुकसानभरपाई? ती मोटार अपघात दावा प्राधिकरणाकडे, वेगळ्या तराजूत. तिथं संशयापलीकडचा पुरावा लागत नाही, ‘जास्त शक्य काय’ एवढं बघतात. फौजदारीत ड्रायव्हर सुटला म्हणून दावा आपोआप बुडत नाही. त्या भीतीनं दावा सोडू नका.

चिठ्ठी लिहिणाऱ्यांनी खाली जाताना भेटा. निकालाची तारीख तेवढी आठवून या.