योग्याचे हृदय थांबते का?

जत्रेत आपण ऐकतो, "अमक्या बाबांनी नाडी बंद केली. हृदयसुद्धा थांबवले!" मनगटावर बोट ठेवलेला माणूस शपथेवर सांगतो, ठोका लागला नाही. तो खोटे बोलतो काय? नाही. ठोका बोटाला खरोखरच लागत नाही. पण तेवढ्याने हृदय थांबले असे होते का?

लोणावळ्याचे कैवल्यधाम स्वामी कुवलयानंदांनी १९२४ साली स्थापन केले. स्वामी स्वतः योगी. पण त्यांचा बाणा असा, की पोथीत आहे तेवढ्यावर भागवायचे नाही, यंत्राने मोजून पाहायचे. नौली करताना आतड्यातला दाब किती असतो, हेही त्यांनी मोजले. तो बाहेरच्या हवेच्या दाबापेक्षा कमी भरला.

पुढे हृदयाचेही असेच मोजमाप झाले. अमेरिकेतले वेंगर व बागची आणि दिल्लीचे डॉक्टर आनंद यांनी चार योग्यांना तपासले व १९६१ साली निष्कर्ष छापला. तिघांनी श्वास कोंडून छाती-पोट घट्ट आवळले. नाडी बोटाला लागेना. हृदयाचे आवाजही नीट ऐकू येईनात. पण हृदयाचा आलेख काढणारे यंत्र दाखवीत होते, की हृदय चालूच आहे! बोटाच्या टोकाला रक्ताची बारीक लाटही येत होती.

असे का झाले? विहिरीत पाणी कमी आले, की पंप चालू असूनही पाटाला धार लागत नाही. छाती आवळल्यामुळे हृदयाकडे परत येणारे रक्त अडले. आत आले थोडे, म्हणून बाहेर गेले थोडे.

मग योगात काहीच नाही का? थांबा. चौथ्या योग्याने वेगळी रीत वापरली, आणि त्याच्या हृदयाची गती बरीच मंदावली. आमच्या मते चमत्कारापेक्षा हीच गोष्ट मोठी.

पुष्कळ दिवसांच्या कंबरदुखीत योगाने काही जणांना थोडा आराम पडतो, असे पुढच्या तपासण्यांत दिसले. रक्तदाबही काहींचा थोडा उतरतो. थोडा, बरं का! आमच्या वर्गातल्या एका मावशींनी प्राणायाम धरला आणि दाबाची गोळी सोडली. महिन्याने दाब चांगलाच चढलेला निघाला. डॉक्टरांनी गोळी पुन्हा चालू केली. प्राणायाम सोडा, असे मात्र ते म्हणाले नाहीत.