तळहातावरील ताल

चित्रकाराचे द्रव्य रंग, शिल्पकाराचे पाषाण आणि कवीचे शब्द, हे आपण सर्वजण जाणतो. परंतु जिचे द्रव्य केवळ काळ आहे आणि जी केवळ त्वचेच्या द्वाराने मनात प्रवेश करते, अशी एखादी कला असू शकेल काय? प्रथमदर्शनी हा प्रश्न कोड्यासारखा वाटेल. काळ मुठीत धरता येत नाही. मग त्यास हाताने आकार कसा द्यावा? तथापि किंचित विचार केला असता असे दिसून येईल की, ह्या कलेची साधने आपल्या दोन हातांपाशीच आहेत.

काळास आकार देणे म्हणजे काय, हे प्रथम पाहू. घड्याळाची टिकटिक एकसारखी चालते; तीत आरंभ नाही, शेवट नाही आणि वाट पाहावी असेही काही नाही. परंतु तेच ठोके चार-चारांच्या गटांत बांधून प्रत्येक गटाच्या पहिल्या ठोक्यावर जोर दिला, की मन त्या पुढच्या ठोक्याची वाट पाहू लागते. ही अपेक्षा, तिची पूर्ती आणि प्रसंगी तिला दिलेली हुलकावणी, ह्यांच्या योगाने काळास आकार येतो. ह्यासाठी कान अवश्य पाहिजेतच, असे मात्र नव्हे.

हेलन केलर ह्या बाईंचे चरित्र पुष्कळांनी वाचले असेल. त्यांचा जन्म 1880 साली अमेरिकेतील अलाबामा राज्यात झाला. अवघ्या 19 महिन्यांच्या असताना एका दुखण्यात त्यांची दृष्टी व श्रवणशक्ती दोन्ही गेली. 1887 साली मिस ॲन सलिव्हन ह्या शिक्षिका त्यांच्या घरी आल्या आणि मुलीच्या तळहातात बोटांच्या खुणांनी एकेक अक्षर उमटवू लागल्या. येथे एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. छापील पानावर अक्षरे शेजारी-शेजारी उभी असतात. तळहातावर मात्र जागा तीच राहते, एक खूण जाते आणि दुसरी तिचे स्थान घेते. अर्थात तेथे शब्द जागेवर नव्हे, तर काळावर लिहिला जातो. पुढे 1924 साली रेडिओवर बेथोव्हेनची नववी सिंफनी वाजत असता बाईंनी यंत्रातील थरथरणाऱ्या पडद्यावर हळूच बोटे ठेवली. वाद्यांचे निरनिराळे कंप आणि लयीचे चढउतार आपणांस स्पर्शाने जाणवले, असे त्यांनी त्या वाद्यवृंदास पत्राने कळविले.

ह्यात चमत्कार नाही. त्वचेची शक्तीच तशी आहे. सिनेमात एका सेकंदात 24 चित्रे डोळ्यांपुढून जातात, आणि आपणांस ती एकच हलते चित्र वाटतात. परंतु त्याच वेगाने कोणी बोटाच्या टोकावर हलके आघात केले, तर त्यांची फडफड आपणांस स्पष्ट कळते. ह्याचा अर्थ असा की, काळाचे बारीक तुकडे ओळखण्याच्या कामी स्पर्श हा दृष्टीहून अधिक चतुर आहे. कानाची सर मात्र त्यास येत नाही. तरुण माणसाचा निरोगी कान सेकंदास सुमारे 20,000 कंपनांपर्यंतचा नाद ऐकतो. त्वचेची मर्यादा सुमारे 1,000 पर्यंतच आहे. म्हणून उंच स्वरांचे सर्व माधुर्य हातास कळणार नाही; लय मात्र खचित कळेल.

आता एक प्रयोग घरी करून पाहावा. आपल्या संगीतातील त्रितालात 16 मात्रा असतात व त्यांचे चार-चार मात्रांचे चार विभाग पडतात. पहिल्या, पाचव्या व तेराव्या मात्रेवर टाळी आणि नवव्या मात्रेवर खाली, म्हणजे रिकामा हात. भावंडास डोळे मिटावयास सांगून त्याच्या तळहातावर हा ताल धरा. समेवर पंजा ठेवा, इतर टाळ्यांवर दोन बोटे, मधल्या मात्रांवर एक बोट, आणि खालीवर मुळीच स्पर्श करू नका. तीन-चार आवर्तने होताच तो समेपूर्वीच हात सरसावील. आणि खालीच्या वेळी काहीच न लागताही, येथे काही झाले, असे त्यास वाटेल. चित्रात कोरी सोडलेली जागा जे काम करते, तेच येथे स्पर्शाचा अभाव करतो.

ह्या विद्येचा उत्तम दाखला स्कॉटलंडच्या डेम एव्हलिन ग्लेनी ह्यांचा आहे. 1965 साली जन्मलेल्या ह्या बाईंची श्रवणशक्ती वयाच्या बाराव्या वर्षापर्यंत जवळजवळ गेली. त्यांच्या शिक्षकांनी मात्र त्यांस वर्गाबाहेर बसविले नाही. नगारे वाजत असता भिंतीवर हात ठेवावयास सांगून, कोणता स्वर शरीरात कोठे जाणवतो, हे त्यांनी त्यांस शोधावयास लावले. खालचे स्वर पायांत आणि वरचे चेहरा, मान व छाती ह्यांत जाणवतात, असे बाई सांगतात. पावलांस कंप कळावा म्हणून त्या पुष्कळदा अनवाणीच वाजवितात. 2012 साली लंडनच्या ऑलिंपिक उद्घाटनात ढोलवादनाचे अग्रस्थान त्यांच्याकडे होते.

पालकांनी व विद्यार्थ्यांनी ह्यावरून एक गोष्ट मनात ठेवावी. जे मूल ऐकत नाही, त्यास गायनाच्या तासाला कोपऱ्यात बसवून चित्राची वही देणे हे दयेचे दिसले, तरी त्यात त्याचा वाटा हिरावला जातो. त्यास डग्ग्याजवळ बसवावे, वाजत असता डग्ग्याच्या अंगावर त्याचा हात ठेवावा, आणि शेजारच्या मुलाने त्याच्या दुसऱ्या तळहातावर मात्रा मोजाव्या. सूर त्याच्यापर्यंत कदाचित पोहोचणार नाही. परंतु सम येईल तेव्हा ती सर्व वर्गाबरोबर त्याचीही असेल.