भिंतीवरील जड लाकूड

बंगळुरूजवळील इलेक्ट्रॉनिक सिटी ही उद्योगवसाहत १९७० च्या दशकाच्या अखेरीस आकारास येऊ लागली. आज तिच्या परिसरात अनेक बहुमजली इमारती आहेत. अशा घरांत सागाच्या फळ्या, ओंडक्यांचे काप किंवा कोरीव चौकटी शोभेसाठी भिंतीवर लावल्या जातात. अशी जड वस्तू निखळल्यास खाली बसलेल्या माणसाच्या जिवावर बेतू शकते. म्हणून प्रथम वस्तूचे वजन आणि भिंतीचा प्रकार यांची पारख करावी.

सागाचे एक घनमीटर लाकूड सुमारे ६५० किलो भरते. त्यामुळे १२० सेंटिमीटर लांब, ३० सेंटिमीटर रुंद आणि ५ सेंटिमीटर जाड फळीचे वजन जवळजवळ १२ किलो होते. हा भार केवळ गिलाव्याला पेलत नाही. स्क्रू आतील भिंतीत खोलवर रुतला पाहिजे.

ड्रिलने भोक पाडताना पडणाऱ्या भुकटीवरून भिंत ओळखता येते. लाल भुकटी भाजलेल्या विटेची असते. ड्रिल कष्टाने शिरून करडी भुकटी पडल्यास भिंत काँक्रीटची समजावी. तीत पसरणारे लोखंडी बोल्ट घट्ट बसतात. ड्रिल सहज शिरून मऊ भुकटी पडल्यास भिंत हलक्या, सच्छिद्र ठोकळ्यांची असण्याचा संभव असतो. असे ठोकळे त्या बोल्टच्या दाबाने फुटतात. तेथे त्यांच्यासाठीच बनविलेले लांब प्लग वापरावेत.

विजेच्या बटणांच्या सरळ वर अथवा खाली भोक पाडू नये, कारण तेथून तारा गेलेल्या असतात. तसेच जड लाकूड पलंगाच्या उशाशी लावण्याचे टाळावे.