भुताचीही रजा

गेल्या वर्षी बेसमेंटमधून माझ्या सोळा वर्षांच्या मुलीच्या हसण्याचे आवाज येऊ लागले, म्हणून खाली डोकावलो. टीव्हीवर एक म्हातारी भुतीण मोटारीच्या वेगाने धावत होती. तोंडात सणसणीत शिव्या.

"बाबा, ही टर्बो आजी. बस ना!"

बसलो. युकिनोबू तात्सू यांच्या चित्रकथेवरची ही 'दानदादान' ॲनिमे मालिका २०२४ च्या ऑक्टोबरात सुरू झाली. टर्बो आजी मात्र त्याआधीची, जपानी हमरस्त्यांवरच्या दंतकथांतली.

आजकालची पोरे भुतांचीही थट्टा करतात, असे मनात आले. पण ही थट्टा जुनीच आहे. ओकिकू नावाच्या मोलकरणीवर मालकाची मौल्यवान ताटली हरवल्याचा आळ आला आणि तिचा विहिरीत अंत झाला. रात्री ती वर येऊन ताटल्या मोजते. नऊपर्यंत ऐकणारा मरतो. 'राकुगो' म्हणजे एकट्याने बसून गोष्ट रंगवण्याची जपानी कला. तिच्यात ओकिकूला बघायला गर्दी लोटते, सहा-सात झाले की सगळे पळ काढतात. एका रात्री गर्दीमुळे पळताच येत नाही, आणि ओकिकू थेट अठरापर्यंत मोजते. का? उद्या तिची रजा आहे, म्हणून दोन दिवसांचे आजच उरकले!

आमच्या प्रोग्रॅमिंगसारखेच आहे हे. भूत नियमाने बांधलेले, आणि नियम अक्षरशः पाळला की विनोद. १९७९ साली जपानभर मुलांना धास्ती लावणारी 'फाटक्या तोंडाची बाई' म्हणे 'पोमेड' हा शब्द उच्चारला की पळते. केसांना लावायचे पोमेड! 'दानदादान'च्या २०२५ मधल्या दुसऱ्या भागात तर भूत उतरवायला चक्क रॉक बँड येतो. मला ते पटले. अंगातले काढायला आपल्याकडेही ढोल लागतोच की.

सातव्या भागात मात्र हसू थांबले. तोवर कोलांट्या मारणारी, लाल झग्यातली भुतीण ही एक गरीब आई निघाली. कर्जवसुलीचे गुंड तिची चिमुरडी मुलगी उचलून नेतात.

"आपल्याकडे अशी भुतं असतात?" मुलीने विचारले.

बाळंतपणात गेलेली बाई हडळ होते, असे माझी आजी सांगायची. तेच सांगितले.

"मग तिच्या बाळाचं काय झालं?"

आजीने ते कधी सांगितले नव्हते. आम्हीही विचारले नव्हते.